मार्गारेट म्हणजे मोती

शास्त्रभाग : मत्तय १३:४५-४६, यशया ४३:१-४, प्रकटीकरण १८:११-१३ व २१:२१



देवास येथे एका मराठी ख्रिस्ती कुटुंबात तिसरी मुलगी जन्मली. बाळ-बाळंतीण सुखरूप घरी आली होती आणि उपकारस्तुतीच्या प्रार्थनेसाठी मला बोलावणे आले होते. घरात पाऊल टाकताच मनात आले की, आनंदाच्या घरी जसा गलबला असतो तसा येथे नाही. मुलगा झाला तर पेढे आणि मुलगी झाली तर बर्फी, ही आपली चाल. पहिल्या मुलीच्या वेळी या घराने सबंध मंडळीत बर्फी वाटली होती, दुसरीच्या वेळी शेजारीपाजारी. या खेपेला कोणी मिठाई आणलीच नव्हती. बाळाची आत्या हसत म्हणाली, "पाळकसाहेब, आता हिचे नाव असे काही ठेवा की देवाला कळेल, पुरे झाले!" सगळे हसले. बाळाची आई मात्र हसली नाही. तिने मान खाली घातली आणि बाळाच्या अंगावरचे दुपटे उगीचच सारखे केले.

कोपऱ्यातल्या खाटेवर बाळाची पणजी बसली होती. वय ऐंशीच्या पुढे, नाव मार्गारेट. ती म्हणाली, "माझे नाव ठेवा हिला."

बाळाचा बाप तिचा नातू. तो म्हणाला, "आजी, इंग्रजी नाव कशाला? शाळेत मुले हसतील. शिवाय हल्लीचे दिवस तुला ठाऊक आहेत. असले नाव ऐकले की लोक विचारतात, तुम्ही इथलेच ना?"

आजी थोडा वेळ गप्प राहिल्या. मग मला म्हणाल्या, "पाळकसाहेब, माझा बाप्तिस्मा या नावाने झाला, लग्न या नावाने लागले, रेशनकार्डावर हेच नाव आहे. उद्या माझ्या थडग्यावरही हेच लिहाल. पण याचा अर्थ मला आजवर कोणी सांगितला नाही. काही अर्थ असतो का हो याला?"

मी म्हणालो, "असतो, आजी. रविवारी सांगतो." त्या रविवारी जे सांगितले तेच येथे थोडे विस्ताराने लिहीत आहे, कारण असे घर देवासला एकच आहे असे मला वाटत नाही.

नावाचा प्रवास

मार्गारेट म्हणजे मोती. नव्या कराराच्या मूळ ग्रीक भाषेत मोत्याला 'मार्गारितेस' म्हणतात. प्रभू येशूने ज्या व्यापाऱ्याची गोष्ट सांगितली त्याला सापडलेला मोती हाच. हा शब्द नव्या करारात नऊ वेळा आला आहे. त्यावरून लॅटिनमध्ये 'मार्गारिता' झाले आणि युरोपच्या निरनिराळ्या देशांत त्या नावाची निरनिराळी रूपे झाली. ग्रेटा, मॅगी, पेगी, मार्जरी, रीटा ही सगळी त्याच घराण्यातली. फ्रेंच भाषेत 'मार्गरीत' हे मोत्यासारख्या पांढऱ्या एका फुलाचेही नाव आहे. इंग्रजीत त्या फुलाला डेझी म्हणतात, म्हणून मार्गारेट नावाच्या मुलीला लाडाने डेझी म्हणण्याची रीत पडली. आपल्या मंडळ्यांत कितीतरी डेझीबाई आणि रीटाबाई आहेत. त्या सगळ्या आजींच्या नावबहिणी आहेत.

पण ग्रीक लोकांना हा शब्द कोठून मिळाला? बहुतेक भाषापंडित म्हणतात की तो त्यांचा मूळचा नव्हे. तो पूर्वेकडून, इराणी भाषांतून त्यांच्याकडे गेला. फारसीत आजही मोत्याला 'मरवारीद' म्हणतात. काही विद्वान तर त्याचे नाते संस्कृतातल्या 'मंजरी'शी जोडतात, पण ते मत सर्वांना मान्य नाही. शब्द पूर्वेकडून गेला यात मात्र नवल नाही, कारण मोतीच पूर्वेकडून जात. इराणचे आखात आणि तमिळनाडू व श्रीलंका यांच्यामधले मन्नारचे आखात या दोन समुद्रांतून पाणबुडे दम रोखून शिंपले काढीत, व्यापारी ते मोती पश्चिमेस नेत. पहिल्या शतकातला रोमन लेखक प्लिनी सांगतो की, सर्व मोलाच्या वस्तूंत मोत्याचा मान पहिला. त्याची तक्रार अशी की, हिंदुस्थान, चीन आणि अरबस्तान हे देश रोमचा पैसा दरवर्षी ओढून नेतात.

तेव्हा हे नाव इंग्रजी आहे असे कोण म्हणतो? ज्या दिशेला आपण राहतो त्या दिशेकडून ते मोत्यांबरोबर निघाले, ग्रीक व लॅटिन भाषांतून फिरले, स्कॉटलंडला पोहोचले आणि पुष्कळ शतकांनी धारला आले. मग त्याला एकदम परके कसे म्हणावे?

ते धारला कसे आले?

स्कॉटलंडात अकराव्या शतकात मार्गारेट नावाची एक राणी होऊन गेली. ती १०९३ साली वारली. तिचे चरित्र लिहिणारा टर्गो सांगतो की, ती अनाथ लेकरांना सकाळी स्वतःच्या हाताने भरवी आणि गरिबांचे पाय धुई. या राणीमुळे ते नाव त्या देशात घरोघर झाले. पुढे स्कॉटलंड व आयर्लंडमधून कॅनडात गेलेल्या प्रेस्बिटेरियन घराण्यांनी ते बरोबर नेले.

आपल्या मराठी भूमीला या नावाची पहिली मोठी ओळख मुंबईत झाली. डॉ. जॉन विल्सन यांच्या पत्नी मार्गारेट विल्सन १८२९ साली मुंबईस आल्या. त्यांनी मराठी शिकून मुलींच्या शाळा काढल्या. १८३२ साली सुरू झालेली त्यांची शाळा पुढे सेंट कोलंबा या नावाने प्रसिद्ध झाली. १८३५ साली त्या मुंबईतच वारल्या. मुलीला अक्षर शिकवणे हा वेडेपणा आहे असे ज्या काळी लोक म्हणत, त्या काळी या बाईने आपले आयुष्य त्या 'वेडेपणा'त घातले.

माळव्यात हे नाव दोन डॉक्टरीणबाईंनी आणले. कॅनडाच्या प्रेस्बिटेरियन मिशनच्या डॉ. मार्गारेट मॅककेलर १८९० साली आल्या आणि त्यांनी नीमचला काम केले. डॉ. मार्गारेट ओहारा किंग्स्टनच्या क्वीन्स विद्यापीठातून वैद्यकीची पदवी घेऊन १८९१ साली आल्या आणि १८९५ पासून त्यांचे काम धारला सुरू झाले. धार आणि देवास ही पवारांची संस्थाने. अठराव्या शतकात मराठी स्वाऱ्यांबरोबर जी घराणी माळव्यात आली त्यांची मराठी या दोन्ही गावांत राहिली. त्या वेळी पडद्यातली बाई मेली तरी पुरुष डॉक्टरला नाडी दाखवीत नसे. म्हणून बाई डॉक्टरची गरज होती, आणि म्हणून त्या आल्या.

पुढे १८९९-१९०० सालचा दुष्काळ आला. विक्रम संवत १९५६ होते, म्हणून लोक त्याला छप्पन्याचा काळ म्हणतात. माळव्यात दुष्काळ पडत नाही अशी या भूमीची ख्याती, पण त्या वर्षी ती ख्याती राहिली नाही. रस्त्यावर टाकलेली लेकरे मिशनने उचलून आणली. त्या काळी पोरगी टाकून देणे सोपे होते, उचलणे अवघड. डॉ. ओहारा तीस वर्षांहून अधिक काळ मध्य भारतात राहिल्या, आणि १९३१ साली त्यांचे 'कमळाचे पान' अशा अर्थाच्या नावाचे पुस्तक टोरोंटो येथे प्रसिद्ध झाले.

आजींची आई धारच्या मिशनच्या दवाखान्यात जन्मली होती. घरात असे सांगत की, बाळंतपण अडले होते आणि डॉक्टरीणबाई रात्रभर उशाशी बसून होत्या. पुढे त्या मुलीला स्वतःची लेक झाली तेव्हा तिने ते उपकार स्मरून लेकीला डॉक्टरीणबाईंचे नाव दिले. म्हणजे आजींचे नाव एखाद्या परक्या राणीची नक्कल म्हणून ठेवलेले नाही. एका जीव वाचलेल्या स्त्रीने केलेली ती उपकारस्तुती आहे.

मिशनऱ्यांचे सगळेच बरोबर होते असे मी म्हणत नाही. शुभवर्तमानाबरोबर त्यांनी कित्येकदा आपले पोशाख, आपल्या चाली आणि आपली नावेही आणली, आणि आपल्या वाडवडिलांनी ती न तपासता घेतली. ख्रिस्ती होण्यासाठी विलायती नाव लागत नाही. पौलाने रोमकरांस पत्र लिहिताना फीबी बहिणीची शिफारस केली. फीबी हे ग्रीक पुराणातल्या देवतेचे नाव, पण पौलाने ते बदलले नाही. लक्ष्मीबाई टिळकांनी बाप्तिस्मा घेतला तरी त्या लक्ष्मीबाईच राहिल्या. तेव्हा त्या नातवाचे म्हणणे मी उडवून लावणार नाही. मुलीचे नाव मराठी असावे असे त्याला वाटले तर त्यात काही पाप नाही. पण नाव बदलताना अर्थ फेकून देऊ नये, आणि ज्यांनी ते नाव जगून दाखवले त्यांना विसरू नये, इतकेच माझे म्हणणे आहे.

शिंपल्याची जखम

आता मोत्याकडे पाहू. स्वाती नक्षत्राचा पावसाचा थेंब शिंपल्यात पडला की त्याचा मोती होतो, असे आपल्याकडे म्हणतात. कोणी म्हणतात वाळूचा कण शिरतो. शास्त्रज्ञ आज सांगतात की बहुधा एखादा सूक्ष्म जीव आत शिरतो किंवा शिंपल्यातल्या प्राण्याच्या नाजूक कातडीला इजा होते. त्या प्राण्याला हात नाहीत, की बोचणारी वस्तू उचलून फेकून द्यावी. तो एवढेच करतो की आपल्या शरीरातून एक चकचकीत रस त्या जागेभोवती सोडतो. थरावर थर चढतात, वर्षे जातात, आणि जेथे जखम होती तेथे मोती होतो.

हिऱ्याला पैलू पाडावे लागतात. मोत्याला पाडावे लागत नाहीत. तो जसा निघतो तसाच नथीत बसतो. त्याचे तेज वरून दिलेले नसते. म्हणून जवाहिरे मोत्याचे 'पाणी' पाहतात.

बंधुभगिनींनो, आपल्या आयांकडे पाहा. संसारात जे बोचले ते उचलून फेकता आले नाही. नवऱ्याचे व्यसन, सासरचे टोमणे, कमी पडणारा पगार, दूर गेलेली मुले. त्यांनी त्याभोवती प्रार्थनेचा थर चढवला, क्षमेचा थर चढवला, कष्टांचा थर चढवला. त्यांना कोणी पैलू पाडले नाहीत, शाळेत नीट धाडले नाही. तरी आज मंडळीत ज्यांच्या प्रार्थनेने घर उभे राहते त्या ह्याच. पण येथे एक सावधगिरी हवी. शिंपल्याला जखम झाली म्हणून मोती झाला, म्हणून शिंपल्याला जखमा कराव्यात, असा याचा अर्थ नाही. स्त्रीच्या सोसण्याची स्तुती करून तिला आणखी सोसायला लावणारा उपदेश आपण पुष्कळ ऐकला आहे. तो प्रभूचा उपदेश नव्हे. जखमेतून मोती करणे ही देवाची करणी आहे. जखम करणे हे आपले पाप आहे.

दोन व्यापारी

पवित्र शास्त्रात मोत्यांचे दोन बाजार आहेत आणि दोन प्रकारचे व्यापारी आहेत.

पहिला बाजार प्रकटीकरणाच्या अठराव्या अध्यायात आहे. बाबेल नगरी पडली म्हणून व्यापारी रडत आहेत, कारण आता त्यांचा माल घेणारे कोणी उरले नाही. योहान त्या मालाची यादी देतो. सोने, रुपे, रत्ने, मोती वरच्या बाजूला आहेत. खाली तागाची वस्त्रे, हस्तिदंत, मसाले, तेल, गहू, गुरे, घोडे, रथ. आणि यादीच्या अगदी तळाशी, सर्व जनावरांच्याही नंतर, माणसे आणि माणसांचे जीव. बाबेलच्या वहीत मोती वर आहे आणि माणूस शेवटी आहे.

दुसरा व्यापारी मत्तयाच्या तेराव्या अध्यायात आहे. तो चांगल्या मोत्यांच्या शोधात हिंडतो. एक फार मोलाचा मोती दिसताच तो जातो, आपले होते नव्हते ते सारे विकतो आणि तो एक मोती घेतो. लोक त्याला वेडा म्हणाले असतील. सगळे गमावून एकच मोती! हा दृष्टांत प्रभूने समुद्रकाठच्या गर्दीला सांगितला नाही. लोकांना निरोप दिल्यावर घरात, आपल्या शिष्यांना सांगितला. जेथे दार लावलेले असते आणि माणसे मनातले बोलतात, तेथे हा हिशोब सांगायचा होता.

हा व्यापारी कोण? आपण नेहमी म्हणतो की तो विश्वासी मनुष्य, आणि मोती म्हणजे स्वर्गाचे राज्य; त्यासाठी सर्व सोडावे. हे खरे आहे. डॉ. ओहारांनी तेच केले. पण मंडळीतल्या पुष्कळ भक्तांनी या दृष्टांताकडे दुसऱ्या बाजूनेही पाहिले आहे. शोधत येणारा तर प्रभूच आहे. आपण त्याला शोधले त्याआधी त्याने आपल्याला शोधले. फिलिप्पैकरांच्या पत्रात पौल सांगतो की, देवाच्या स्वरूपाचा असून त्याने स्वतःला रिक्त केले आणि दासाचे रूप घेतले. सारे विकणे ते हेच. आणि पेत्र सांगतो की, आपली सुटका सोन्यारुप्याने झाली नाही, ख्रिस्ताच्या मोलवान रक्ताने झाली. बाबेलच्या वहीत जो तळाशी होता, त्याच माणसासाठी या व्यापाऱ्याने सर्वस्व दिले. त्याच्या वहीत माणूसच मोती आहे.

आता मी तुम्हाला, आणि स्वतःलाही विचारतो : आपले घर कोणत्या व्यापाऱ्याच्या वहीवर चालते?

आपण म्हणतो, आम्ही ख्रिस्ती, आमच्यात मुलगा-मुलगी भेद नाही. मग तिसऱ्या मुलीच्या घरी बर्फी का येत नाही? मुलाचे लग्न ठरले की "आम्ही काही मागत नाही, पण मुलाच्या शिक्षणाला खर्च झाला आहे" असे कोण म्हणतो? ही बाबेलची यादी नव्हे काय, ज्यात मोती वर आणि मुलगी खाली? २०११ च्या जनगणनेत सहा वर्षांपर्यंतच्या दर १००० मुलांमागे महाराष्ट्रात ८९४ आणि मध्य प्रदेशात ९१८ मुली होत्या. गर्भलिंगनिदानाला बंदी करणारा कायदा १९९४ साली झाला, तरी हे आकडे असे. ते इतरांच्याच घरचे आहेत असे समजून आपण हात धुऊ नयेत. पिलातानेही हात धुतले होते.

नाव कोण ठेवतो?

सातारा जिल्ह्यात पुष्कळ मुलींची नावे 'नकुशी' अशी होती. नकुशी म्हणजे नकोशी. दोन-तीन मुलींनंतर आणखी मुलगी झाली की असे नाव ठेवीत, म्हणजे पुढचा मुलगा होईल. २०११ साली साताऱ्यात दोनशेहून अधिक अशा मुलींना एका समारंभात नवी नावे देण्यात आली. माळवा आणि राजस्थानकडे 'धापू' नाव आढळते. धापणे म्हणजे पोट भरणे, पुरे होणे. शाळेत हजेरी घेताना गुरुजी रोज तिला हाक मारतात, आणि ती रोज 'हजर' म्हणते. आपण नको आहोत याला रोज 'हजर'! त्या आत्याबाईंनी थट्टेत जे नाव सुचवले ते याच जातीचे होते. त्यांच्या मनात काही वाईट नव्हते. पण बाळाच्या आईने मान का खाली घातली हे आता आपल्याला कळेल.

यशया संदेष्टा असेच एक नामांतर सांगतो. बासष्टाव्या अध्यायात सियोनेला लोक 'टाकलेली' म्हणत असत. परमेश्वर ते नाव पुसतो आणि तिला हेफसीबा म्हणतो, म्हणजे जिच्या ठायी माझा आनंद आहे ती. आणि त्रेचाळिसाव्या अध्यायात तो आपल्या लोकांस सांगतो की, मी तुला नावाने हाक मारली आहे, तू माझा आहेस, तू मला मोलवान वाटतोस. येथे क्रम पाहा. मोल आधी कमावले आणि मग नाव मिळाले असे नाही. ज्याने हाक मारली त्याच्यामुळे मोल आले.

देवासच्या लोकांना हे समजावे लागू नये. तुमच्या गावात नोटा छापण्याचा कारखाना आहे. छापण्यापूर्वी तो कागद किती किमतीचा? काही पैशांचा. त्यावर अधिकाराचा छाप आणि सही आली की तोच कागद पाचशे रुपयांचा होतो. मग तो चुरगळला, मळला, कोणाच्या घामाने भिजला तरी त्याची किंमत पाचशेच राहते. बाप्तिस्म्याच्या वेळी पाळक बाळाचे नाव घेतो आणि पिता, पुत्र व पवित्र आत्मा यांच्या नावात त्याला बुडवतो किंवा त्याच्यावर पाणी शिंपडतो. त्या वेळी एका नावावर दुसरे नाव छापले जाते. त्या मुलीची किंमत ठरवण्याचा अधिकार मग सासूला नाही, हुंडा मागणाऱ्याला नाही, "पुरे झाले" म्हणणाऱ्यालाही नाही.

मराठीत 'मोती' हा शब्द संस्कृतातल्या 'मौक्तिक' शब्दावरून आला, आणि मौक्तिक आले 'मुक्ता' यावरून. मुक्ता म्हणजे मोती. आणि मुक्ता म्हणजे मोकळी झालेली, हाही अर्थ आपल्या कानाला लागतोच. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांच्या शाळेत मांग समाजाची मुक्ता नावाची मुलगी शिकत होती. मांग-महारांच्या दुःखाविषयी तिने लिहिलेला निबंध १८५५ साली 'ज्ञानोदया'त छापला गेला. जिच्या सावलीचा लोक विटाळ मानीत, तिचे लिहिणे आपल्या मिशनच्या पत्राने छापले आणि आज सबंध महाराष्ट्र ते मानाने वाचतो. शिंपला उघडून पाहिल्याशिवाय आत मोती आहे की नाही हे कळत नाही. मुलीच्या हाती पुस्तक दिल्याशिवाय तिच्यात काय आहे हे कसे कळणार?

बाप्तिस्म्याचा रविवार

उपासना संपल्यावर आजी भिंतीला धरून माझ्याजवळ आल्या. म्हणाल्या, "मोती होय! आणि मी समजत होते, इंग्रजी राणीचे नाव आहे." मग नातवाला म्हणाल्या, "तुला माझे नाव नको तर नको. मुक्ता ठेव. पण पाळकसाहेबांसमोर एक सांग. नाव मोत्याचे ठेवशील, आणि तिला दूध देताना, शाळेत घालताना, लग्न ठरवताना हात आखडशील काय?"

त्याने लगेच उत्तर दिले नाही, आणि मला ते बरे वाटले. चटकन दिलेले वचन चटकन विसरते. तो म्हणाला, "नाही आखडणार, आजी." बाळाच्या आईने तेव्हा पहिल्यांदा मान वर केली. तिने विचारले, "दोन्ही नावे ठेवता येतील का?"

ठेवता येतात. आमच्या मंडळीच्या बाप्तिस्मा-नोंदवहीत 'मुक्ता मार्गारेट' अशी नोंद झाली. त्या दिवशी आत्याबाईंनी बर्फी आणली. उशिरा आणली, पण भरपूर आणली.

प्रकटीकरणाच्या एकविसाव्या अध्यायात योहान पवित्र नगरीचे वर्णन करतो. तिच्या भिंतीला बारा वेशी आहेत, आणि प्रत्येक वेस एका अखंड मोत्याची आहे. भिंतीच्या पायांत नाना प्रकारची रत्ने आहेत, पण आत जायची वाट मोत्यातून आहे. जे जखमेतून तयार झाले त्यातूनच आत जायचे. आपल्यासाठी जो घायाळ झाला त्याच्याशिवाय आणि ज्यांना जगाने जखमा केल्या त्यांना वगळून त्या नगरीत जाण्याची दुसरी वाट नाही. त्या वेशीपाशी आपण उभे राहू तेव्हा आपल्या घरी जन्मलेल्या मुलींना आपण काय म्हणून हाक मारली, हे आपल्याला विचारले जाणार नाही काय?

प्रिय वाचकहो, या महिन्यात आपल्या घरातल्या सर्वांत वृद्ध स्त्रीला तिच्या नावाची हकिकत विचारा. ते कोणी ठेवले, का ठेवले, तिने ते कसे वागवले. आणि घरातल्या सर्वांत लहान मुलीला जवळ घेऊन तिच्या नावाचा अर्थ सांगा. तिच्या नावाला काही अर्थ नसेल तर एवढेच सांगा की, तिचे नाव घेऊन देवाने हाक मारली आहे.

प्रार्थना : हे प्रभू येशू, तू आमच्यासाठी सर्वस्व दिलेस आणि आम्हाला मोलाचे ठरवलेस. आमच्या घरांत ज्यांना आम्ही कमी लेखले त्यांच्यामध्ये तुझा मोती पाहण्यास आमचे डोळे उघड. आमच्या मुलींना टाकलेल्या नव्हे, तर तुझ्या आनंदाच्या म्हणून वाढवण्यास आम्हाला कृपा दे. ज्या बहिणींनी दुरून येऊन आमच्या आयांचे जीव वाचवले त्यांच्यासाठी आम्ही तुझे उपकार मानतो. आमेन.